एका तबकडीतला दीर्घ विचार : ‘सॅक्सोफोन कोलॉसस’ आणि हाय-फाय श्रवण

जॅझच्या इतिहासात काही ध्वनिमुद्रिका अशा आहेत की त्यांनी वादकाला कीर्ती मिळवून दिली आणि ते संगीत कसे ऐकले असता पूर्णपणे उलगडते, हेही श्रोत्यांना शिकवले. सनी रॉलिन्स या टेनर सॅक्सोफोनवादकाची ‘सॅक्सोफोन कोलॉसस’ ही अशांपैकी एक होय. शुक्रवार, २२ जून १९५६ रोजी, अमेरिकेतील न्यू जर्सी राज्यातल्या हॅकेन्सॅक या गावी, एका राहत्या घराच्या दिवाणखान्यात ती ध्वनिमुद्रित झाली. प्रेस्टिज या कंपनीने ७०७९ या क्रमांकाने ती प्रकाशित केली, आणि पुढे अमेरिकेच्या काँग्रेस ग्रंथालयाने जतनयोग्य ध्वनिमुद्रणांच्या राष्ट्रीय नोंदवहीत, २०१६ सालच्या यादीत, तिचा समावेश केला. चार वादक, पाच रचना आणि सुमारे चाळीस मिनिटांचे वादन एवढाच तिचा ऐवज आहे.

या तबकडीकडे दोन प्रकारचे श्रोते ओढले जातात. काहींना रॉलिन्स यांच्या वादनातला विचार मोहवतो, तर काहींना तिच्यातला ध्वनी. हे दुसरे श्रोते हाय-फायचे, म्हणजे मूळ वादन त्यातील बारीकसारीक फरकांसह शक्य तितक्या प्रामाणिकपणे घरात पुन्हा ऐकवणाऱ्या साधनांचे, चाहते असतात. संगीताचे रसिक आणि यंत्रांचे शौकीन ही माणसे वेगळी, असा समज सर्रास आढळतो. परंतु या ध्वनिमुद्रिकेच्या बाबतीत तो टिकत नाही, कारण रॉलिन्स यांचा सांगीतिक विचार ज्या सूक्ष्म तपशिलांतून व्यक्त होतो ते तपशील कानापर्यंत पोहोचले नाहीत, तर विचारही निम्माच पोहोचतो.

वादक आणि वाद्य

रॉलिन्स यांचा जन्म ७ सप्टेंबर १९३० रोजी न्यू यॉर्क येथे झाला आणि हार्लेम या कृष्णवर्णीय वस्तीत ते लहानाचे मोठे झाले. त्यांचे आईवडील कॅरिबियन समुद्रातील व्हर्जिन बेटांवरून आलेले होते. विशीच्या आसपास असतानाच त्यांना बड पॉवेल, थेलोनियस मंक आणि माइल्स डेव्हिस यांसारख्या थोर संगीतकारांची साथ करण्याची संधी मिळाली, मात्र त्या पिढीतल्या अनेक जॅझ वादकांप्रमाणे तेही अमली पदार्थांच्या विळख्यात सापडले. १९५५ मध्ये केंटकी राज्यातील लेक्सिंग्टन येथे उपचार घेऊन ते त्यातून बाहेर पडले आणि त्याच वर्षाच्या अखेरीस ड्रमवादक मॅक्स रोच व ट्रम्पेटवादक क्लिफर्ड ब्राउन यांच्या पाच जणांच्या वाद्यवृंदात दाखल झाले. ‘सॅक्सोफोन कोलॉसस’च्या वेळी ते अवघे पंचवीस वर्षांचे होते. ड्रमवर स्वतः रोच होते, पियानोवर टॉमी फ्लॅनगन आणि डबल बासवर, म्हणजे व्हायोलिनच्या कुळातील उभ्याने वाजवायच्या सर्वांत मोठ्या वाद्यावर, बावीस वर्षांचे डग वॉटकिन्स होते. या ध्वनिमुद्रणानंतर चौथ्याच दिवशी क्लिफर्ड ब्राउन आणि त्याच वृंदातले पियानोवादक रिची पॉवेल मोटार अपघातात मरण पावले. रोच आणि रॉलिन्स या दोघांच्याही आयुष्यावर त्या मृत्यूंची गडद छाया पडली. तिच्या आधीचा, उमेदीने भरलेला काळ या तबकडीत बंदिस्त झाला आहे.

सॅक्सोफोन हे वाद्य बेल्जियन कारागीर अडॉल्फ साक्स यांनी घडवले आणि १८४६ मध्ये त्याचे पेटंट घेतले. महाराष्ट्रातल्या आणि गोव्यातल्या श्रोत्यांना ते वरातीच्या बँडमधून आणि हिंदी चित्रपटगीतांतून परिचित आहे. मुंबईतल्या हॉटेलांत जॅझ वाजवणाऱ्या आणि चित्रपटांच्या वाद्यवृंदांतही काम करणाऱ्या गोमंतकीय वादकांचा त्यात मोठा वाटा आहे. वाद्याचे अंग पितळेचे असले तरी आवाज निर्माण होतो तो वेताच्या पातळ पात्याच्या, म्हणजे रीडच्या, कंपनातून, आणि म्हणून त्याची गणना सनई-क्लॅरिनेटप्रमाणे रीडच्या वाद्यांतच होते. टेनर सॅक्सोफोनचा सर्वांत खालचा स्वर सेकंदाला सुमारे १०४ कंपनांचा असतो. पण कोणत्याही स्वराबरोबर त्याच्या दुप्पट, तिप्पट, चौपट कंपनसंख्येचे उपस्वरही उमटत असतात, आणि सॅक्सोफोनमध्ये हे उपस्वर विपुल असून ते काही हजार कंपनांपर्यंत पोहोचतात. आवाज भरदार वाटणे, खरखरीत वाटणे किंवा कुजबुजल्यासारखा वाटणे हे सारे या उपस्वरांच्या प्रमाणावर अवलंबून असते. वादक ओठांची पकड आणि श्वासाचा दाब बदलून हे प्रमाण क्षणोक्षणी बदलत असतो, त्यामुळे सॅक्सोफोनचे ध्वनिमुद्रण म्हणजे प्रत्येक स्वराच्या बदलत्या पोताचे मुद्रण असते. उपस्वर गळाले तर स्वर कळतात, परंतु ते कोणी आणि कोणत्या भावाने वाजवले, हे कळत नाही.

दिवाणखान्यातले ध्वनिमुद्रण

हॅकेन्सॅकमधले ते घर रूडी व्हॅन गेल्डर या तंत्रज्ञाच्या आईवडिलांचे होते. व्हॅन गेल्डर यांचा पेशा दृष्टी तपासून चष्मे देण्याचा होता आणि १९५९ पर्यंत त्यांनी तो सोडला नाही. ध्वनिमुद्रण मात्र त्यांचा ध्यास होता. घर बांधतानाच त्याचा विचार केला गेला होता, त्यामुळे वादक उंच छताच्या दिवाणखान्यात बसत आणि काचेच्या खिडकीपलीकडच्या खोलीतून व्हॅन गेल्डर यंत्रे हाताळत. प्रेस्टिज आणि ब्लू नोट या दोन्ही कंपन्या त्यांच्याकडे येत आणि शुक्रवार प्रेस्टिजसाठी राखलेला असे. ब्लू नोट कंपनी वादकांना सरावाच्या वेळाचेही पैसे देई. प्रेस्टिजमध्ये तशी रीत नव्हती, तेथे वादक येत आणि वाजवत. या पद्धतीत कच्चेपणाचा धोका होता, तसाच ताजेपणाचा लाभही होता, आणि रॉलिन्स यांच्यासारख्या, वाजवता वाजवता विचार करणाऱ्या वादकाला ती मानवली.

व्हॅन गेल्डर यांनी जर्मन बनावटीचा न्यूमन यू-४७ हा अतिसंवेदनशील मायक्रोफोन अमेरिकेत फार लवकर वापरात आणला आणि मायक्रोफोन वाद्याच्या जवळ ठेवण्याचे धोरण स्वीकारले. त्यामुळे रीडवर जिभेचा आघात होतो तो क्षण, स्वर संपताना सुटणारा श्वास आणि झांजेवर काठी टेकताच उमटणारा बारीक ठणका स्पष्ट पकडला जाई. चारही वादक एकाच खोलीत एकाच वेळी वाजवत आणि सर्व मायक्रोफोनचे आवाज त्याच क्षणी एकत्र मिसळून चुंबकीय फितीच्या एकाच पट्ट्यावर उतरत. कोणत्याही एका वाद्याचा आवाज मागाहून स्वतंत्रपणे कमी-अधिक करण्याची सोय नव्हती. वाद्यांचा परस्परांशी तोल साधणे हे कामही अशा रीतीने एक प्रकारचे वादनच ठरत होते. फितीवरून मूळ तबकडी कोरण्याचे कामही व्हॅन गेल्डर स्वतः करत आणि त्यांच्या नावाची आद्याक्षरे तबकडीच्या मध्याजवळच्या मोकळ्या भागात कोरलेली असत. जुन्या तबकड्यांचे संग्राहक आजही ती अक्षरे शोधतात. त्यांच्या ध्वनिमुद्रणांत पियानोचा आवाज काहीसा कोंदटलेला येतो, अशी तक्रार जाणकार करतात आणि ती निराधार नाही. परंतु सॅक्सोफोन आणि ड्रम यांना त्यांनी जी जिवंत उपस्थिती दिली, तिच्यापुढे हा दोष गौण ठरतो.

या वादनाला दुसऱ्याही एका तांत्रिक बदलाने आधार दिला होता. मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या जुन्या रेकॉर्डच्या एका बाजूला साधारण तीन मिनिटेच मावत. कोलंबिया कंपनीने १९४८ मध्ये मिनिटाला ३३ १/३ फेरे घेणारी, बारीक खाचेची दीर्घ तबकडी बाजारात आणली आणि एका बाजूला वीस मिनिटांहून अधिक वादन बसू लागले. ‘सॅक्सोफोन कोलॉसस’च्या दुसऱ्या बाजूवर फक्त दोन रचना आहेत आणि त्यांतली शेवटची अकरा मिनिटांहून मोठी आहे. एवढा सलग विस्तार जुन्या रेकॉर्डच्या एका बाजूत मावणेच शक्य नव्हते.

पाच रचना, एक विचारपद्धती

पहिली रचना ‘सेंट थॉमस’ ही रॉलिन्स यांच्या आईच्या बेटाचे नाव धारण करते आणि कॅरिबियन लोकधुनेवर आधारलेली आहे. रोच यांच्या डोलत्या ड्रमवादनाने ती सुरू होते आणि नंतर सॅक्सोफोन मूळ धून मांडतो. पुढे रॉलिन्स यांचे उत्स्फूर्त वादन सुरू होते, ते अवघ्या दोन स्वरांच्या एका तुकड्याने. हा तुकडा ते पुन्हा वाजवतात, जागा बदलून वाजवतात, त्याच्यामध्ये विराम सोडतात, आणि त्यातूनच लांब वाक्ये वाढत जातात. रोच यांच्या एकल ड्रमवादनानंतर कॅरिबियन लय मागे पडून जॅझची नेहमीची पुढे झेपावणारी चाल येते, तेव्हा तीच रचना वेगळ्या वाटेने धावू लागते. ‘यू डोन्ट नो व्हॉट लव्ह इज’ ही १९४१ मधली संथ प्रेमगीताची चाल रॉलिन्स मोठ्या, काहीशा करड्या आवाजात वाजवतात. ‘स्ट्रोड रोड’ या द्रुत रचनेत त्यांच्या विस्ताराच्या आरंभी पियानो आणि ड्रम थांबतात आणि फक्त बासच्या सोबतीने सॅक्सोफोन पुढे जातो. ‘मॉरिटाट’ म्हणजे कुर्ट वाइल यांनी १९२८ मधल्या ‘थ्री पेनी ऑपेरा’ या संगीतनाटकासाठी रचलेले, पुढे ‘मॅक द नाइफ’ या नावाने गाजलेले गाणे होय.

शेवटची रचना ‘ब्लू सेव्हन’ हा या ध्वनिमुद्रिकेचा कळस आहे. ब्लूज या प्रकारात बारा ठरावीक मात्रागटांचे आवर्तन असते आणि त्या चौकटीवर वादक पुन्हा पुन्हा नवा विस्तार रचतो. येथे आरंभी वॉटकिन्स यांचा एकटा बास शांतपणे चालू लागतो आणि त्यावर रॉलिन्स एक अशी धून मांडतात की ती कोणत्या षड्जावर उभी आहे, हे चटकन ठरवता येत नाही. तिच्यात षड्ज आणि तीव्र मध्यम यांच्यामधले, कानाला अस्थिर वाटणारे अंतर वारंवार डोकावते. पियानो आल्यावर स्वरांची भूमी स्पष्ट होते, तरी ती पहिली संदिग्धता रॉलिन्स यांच्या विस्तारात अखेरपर्यंत काम करत राहते. रोच यांचे ड्रमवादनही याच शिस्तीचे आहे : ते मोजके लयीचे तुकडे घेतात आणि त्यांचीच मांडणी बदलत, कधी दाट तर कधी विरळ करत, आपले बोलणे पूर्ण करतात. पुढे रॉलिन्स पुन्हा वाजवू लागतात तेव्हा आधी येऊन गेलेल्या कल्पनांचे धागे ते परत हाती घेतात.

संगीतकार आणि समीक्षक गुंथर शुलर यांनी नोव्हेंबर १९५८ मध्ये, ‘द जॅझ रिव्ह्यू’ या नियतकालिकाच्या पहिल्या अंकात, याच रचनेवर सविस्तर लेख लिहिला. जॅझ वादक सामान्यतः कॉर्डच्या, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या स्वरसमूहांच्या, ठरलेल्या क्रमावर नवनव्या सुरावटी रचत जातो. त्या सुरावटींचा मूळ धुनेशी संबंध असेलच असे नाही. शुलर यांच्या म्हणण्याप्रमाणे रॉलिन्स यांनी मूळ धुनेतल्या बीजांपासूनच सारा विस्तार उभारला आणि त्यामुळे तात्काळ सुचलेल्या वादनाला रचलेल्या कृतीची एकसंधता आली. हिंदुस्थानी संगीत ऐकणाऱ्या मराठी रसिकाला ही कल्पना परकी वाटणार नाही, कारण बंदिशीच्या मुखड्याशी नाते राखत केलेल्या बढतीतही याच प्रकारची सुसंगती शोधली जाते. या चिकित्सेमुळे रॉलिन्स मात्र आपल्या वादनाबद्दल नको तेवढे जागरूक झाले आणि समीक्षा वाचणे टाळू लागले. १९५९ ते १९६१ या काळात, कीर्तीच्या शिखरावर असताना, त्यांनी जाहीर कार्यक्रम थांबवले आणि न्यू यॉर्कच्या विल्यम्सबर्ग पुलावर जाऊन तासन्‌तास रियाज केला. १९६० च्या दशकाच्या उत्तरार्धात ते मुंबईला आले आणि पवईतील स्वामी चिन्मयानंद यांच्या आश्रमात काही महिने राहून त्यांनी योग आणि वेदान्त यांचा अभ्यास केला. स्वतःचे वादन कठोरपणे ऐकणारा हा वादक होता आणि श्रोत्याकडूनही तशाच एकाग्रतेची अपेक्षा त्याचे संगीत करते.

खाचेपासून कानापर्यंत

हे संगीत घरी ऐकताना नेमके काय घडते, हे समजून घेतले तर साधनांची निवड आणि मांडणी अधिक डोळसपणे करता येते. तबकडीवरची खाच ही ध्वनीच्या कंपनांची प्रतिकृती असते. सुई तिच्यातून सरकताना हलते आणि कार्ट्रिज, म्हणजे सुई ज्यात बसवलेली असते ती डबी, त्या हालचालीचे सूक्ष्म विद्युत्‌संकेतात रूपांतर करते. खर्जाचे आवाज पूर्ण ताकदीने कोरले तर खाच फार रुंद होते, आणि अतिउच्च आवाज तबकडीच्या सरसरीत बुडून जातात. म्हणून कोरतानाच खर्ज कमी आणि तार भाग जास्त केला जातो व वाजवताना अॅम्प्लिफायर ते प्रमाण उलटे करून पूर्ववत आणतो. हे प्रमाण प्रत्येक कंपनीचे वेगळे असे. अमेरिकन ध्वनिमुद्रण उद्योगाच्या संघटनेने १९५४ मध्ये एक समान मानक ठरवले आणि पुढे तेच रूढ झाले.

‘सॅक्सोफोन कोलॉसस’ हे मोनो, म्हणजे एकमार्गी, ध्वनिमुद्रण आहे. डाव्या आणि उजव्या अशा दोन स्वतंत्र मार्गांनी ध्वनी देणाऱ्या स्टिरिओ तबकड्या १९५७-५८ मध्ये बाजारात येऊ लागल्या. मोनो खाच सुईला केवळ आडवी हलवते, तर स्टिरिओ खाच आडवी आणि उभी अशी दोन्ही बाजूंनी हलवते. जुनी मोनो तबकडी स्टिरिओ कार्ट्रिजवर वाजवली तर धूळ आणि झीज यांमुळे होणारी उभी हालचालही आवाज म्हणून ऐकू येते. मोनो कार्ट्रिज तिची दखल घेत नाही, म्हणून पार्श्वभूमी अधिक शांत वाटते. मोनो ध्वनी अपुरा असतो असे मानण्याचे मात्र कारण नाही. येथे वाद्ये डावी-उजवीकडे पसरलेली नसून एकामागे एक उभी असल्यासारखी भासतात : सॅक्सोफोन पुढे, ड्रम त्याला लागून, बास आणि पियानो त्यांच्या मागे. १९६० च्या दशकात अनेक जुन्या मोनो ध्वनिमुद्रणांच्या कृत्रिम स्टिरिओ आवृत्त्या निघाल्या, पण त्यांत वाद्यांची घट्ट गुंफण सैल पडते; म्हणून अशा आवृत्त्यांपेक्षा मूळ मोनो रूप पसंत करावे.

तबकडीची एक अंगभूत मर्यादा या ध्वनिमुद्रिकेत विशेष जाणवते. फेऱ्यांची गती सारखीच असली तरी खाचेची लांबी आत जाताना कमी होत जाते. बारा इंची तबकडीच्या बाहेरच्या कडेला सुईखालून दर सेकंदाला सुमारे ५० सेंटिमीटर खाच सरकते, तर मध्याजवळ ती २० सेंटिमीटरच्या आसपास येते. तेवढ्या कमी जागेत तेवढीच कंपने दाटीवाटीने कोरलेली असल्यामुळे उच्च उपस्वरांचे वाचन तेथे अवघड होते, आणि ‘ब्लू सेव्हन’ नेमकी या आतल्या भागात येते. म्हणून या तबकडीसाठी सुई न झिजलेली असणे, कार्ट्रिज अचूक कोनात बसलेली असणे आणि सुईचा भार उत्पादकाने सांगितलेल्या मर्यादेत असणे, या तीन गोष्टींना खर्चिक अॅम्प्लिफायरपेक्षा अधिक महत्त्व आहे. ज्यांच्याकडे टर्नटेबल नाही, त्यांनी चांगल्या प्रतीची सीडी किंवा ध्वनीचे तपशील न गाळता साठवलेली डिजिटल आवृत्ती निःशंकपणे ऐकावी. सीडीवर सेकंदाला ४४,१०० नमुने नोंदवलेले असल्याने सुमारे २२,००० कंपनांपर्यंतचा ध्वनी तिच्यात मावतो, तबकडीची सरसर नसते आणि शेवटची रचनाही पहिल्याइतकीच स्वच्छ येते.

स्पीकरची मांडणीही तितकीच निर्णायक असते. मोनो ध्वनिमुद्रण दोन स्पीकरवर वाजवताना श्रोत्याने दोहोंपासून सारख्या अंतरावर बसावे, म्हणजे आवाज मधोमध उभा राहतो. स्पीकर कोपऱ्यात दाबून ठेवले तर खर्ज फुगतो आणि वॉटकिन्स यांच्या बासचे एकेक पाऊल एकमेकांत मिसळते. डबल बासचा सर्वांत खालचा स्वर सेकंदाला सुमारे ४१ कंपनांचा असतो आणि लहान स्पीकर तो मूळ स्वर देऊ शकत नाहीत. तेथे कान केवळ उपस्वरांवरून स्वर ओळखतो. यंत्रणा चांगली आहे की नाही याची पारख ‘ब्लू सेव्हन’च्या आरंभीच करता येते : बासच्या प्रत्येक स्वराची सुरुवात, म्हणजे तारेवरून बोट सुटण्याचा क्षण, आणि त्या स्वराचे विरणे वेगवेगळे ऐकू आले पाहिजे. ‘सेंट थॉमस’मध्ये ड्रम आणि झांज यांचे आवाज एकमेकांवर न चढता सुटे राहिले पाहिजेत, आणि संथ प्रेमगीतात श्वासाचा स्पर्श स्वरापासून वेगळा जाणवला पाहिजे. या तिन्ही गोष्टी मध्यम किमतीच्या, नीट जुळवलेल्या साधनांवरही साध्य होतात.

असे असले तरी उत्तम साधनेही श्रोत्याच्या बदली ऐकत नाहीत. रॉलिन्स यांनी आरंभी मांडलेला दोन स्वरांचा तुकडा काही मिनिटांनी वेगळ्या रूपात परततो, तेव्हा तो ओळखण्यासाठी श्रोत्याच्या मनात आधीचे रूप जागे असावे लागते. इतर कामे करत, तुकड्यातुकड्यांनी किंवा रचनांचा क्रम बदलून ऐकल्यास हे नाते निसटते. म्हणून ही ध्वनिमुद्रिका प्रथम संपूर्ण, तिच्या क्रमाने ऐकावी, आणि नंतर एकेका वेळी एकाच वाद्याचा मागोवा घ्यावा : एकदा फक्त बासचा, एकदा रोच यांच्या डाव्या-उजव्या हातांच्या संवादाचा, एकदा सॅक्सोफोनच्या विरामांचा. अशा श्रवणानंतर चौघे एकमेकांना किती बारकाईने ऐकत होते, याची प्रचीती येते. त्या दिवाणखान्यातल्या चौघांनी परस्परांच्या वादनाशी निष्ठा राखली, व्हॅन गेल्डर यांनी त्यांच्या ध्वनीशी ती राखली, आणि उत्तम यंत्रणा खाचेतल्या नोंदीशी ती राखू शकते. या साखळीतली शेवटची कडी श्रोता आहे, आणि अवधानाची चाळीस मिनिटे देऊन तो आपला वाटा पूर्ण करू शकतो. हाय-फायसाठी केलेला खर्च आणि खटाटोप सार्थकी लागतो तो याच ठिकाणी.